घटिकेचा उतार

चारुलता पेंढरकरने बांधलेले नवे अणुघड्याळ चुकत होते, आणि ते का चुकते हे काही केल्या तिच्या लक्षात येत नव्हते.

कालगृहाच्या तळघरात, जाड दगडी चौथऱ्यावर ते ठेवलेले होते. बंद नळीतल्या अणूंचे कंप मोजत राहायचे, एवढेच त्याचे काम. अणूला म्हातारपण येत नाही, त्याला थंडी वाजत नाही, तो कामाला कंटाळत नाही. तरीही घटिका हा चंद्र पूर्वेच्या डोंगरावर उगवला की हे घड्याळ मागे पडलेले असायचे. पहिल्या फेरीला डोळ्याच्या एका उघडझापीएवढे. पुढच्या फेरीला त्याहून जास्त. त्याच्या पुढच्या फेरीला आणखी जास्त. चारुलताने नळी बदलली, तारा बदलल्या, शेवटी कंटाळून दुसरे तसेच घड्याळ बांधले. दोन्ही घड्याळे एकमेकांशी तंतोतंत जुळली आणि दोन्ही मिळून घटिकेशी भांडू लागली.

मग ती चौथऱ्याच्या कडेला बसली आणि आयुष्यात प्रथमच तिच्या मनात आले, की चुकत असेल ती घटिकाच.

हा विचार स्थिरेवरच्या माणसाला सहजासहजी सुचण्यासारखा नव्हता. स्थिरा हा ग्रह आपल्या सूर्याकडे कायम एकच बाजू करून फिरतो. एका बाजूला कधी न संपणारा जाळ, दुसऱ्या बाजूला कधी न वितळणारा बर्फ, आणि मधल्या अरुंद सांजपट्ट्यात माणसांची वस्ती. तिथे तांबडा सूर्य क्षितिजाला टेकलेला असतो तो असतोच. घरांच्या सावल्या पिढ्यान्‌पिढ्या एकाच जागी पडतात, आणि त्या जागी शेवाळ वाढते. दिवस नाही, रात्र नाही, ऋतू नाही. हलते ते फक्त घटिका. बर्फाने मढलेला, पांढराशुभ्र चमकणारा एक छोटा चंद्र. तो पूर्वेला उगवतो, डोक्यावरून जातो, मावळतो आणि पुन्हा उगवतो. एका उगवणीपासून दुसऱ्या उगवणीपर्यंतची एक फेरी. फेरीचे आठ प्रहर. उगवणीला कालगृहाचा भोंगा वाजायचा आणि त्याच क्षणी वस्तीतले प्रत्येक घड्याळ आपोआप घटिकेशी जुळवले जायचे. पृथ्वीवरून आणलेली मूळ अणुघड्याळे पहिल्याच पिढीत बंद पडली होती. त्यामुळे घटिकेची चूक काढील असे स्थिरेवर काही उरलेच नव्हते.

चारुलताने ही गोष्ट प्रथम सांगितली ती डॉक्टर शमीम मुजावरला. शमीम तिची शाळेपासूनची मैत्रीण. वस्तीच्या रुग्णालयात रक्तशोधन विभाग तिच्याकडे होता आणि बाळंतपणेही तीच करायची. तिच्या खोलीत दोघी चहा पीत बसल्या होत्या.

“फेरी लहान होते आहे,” चारुलता म्हणाली. “प्रत्येक फेरी आधीच्या फेरीपेक्षा उघडझापीएवढी लहान.”

“बरं मग? उघडझापीनं काय बिघडतंय?”

“एका फेरीनं नाही बिघडत. हजारो फेऱ्यांनी बिघडतं. आपण घटिकेवर दोर सोडलाय ना, वीज काढायला?”

हे शमीमलाच काय, वस्तीतल्या शाळकरी पोरांनाही ठाऊक होते. घटिकेवरून खाली लोंबणारा धातूचा अजस्र विद्युत्‌दोर ग्रहाच्या चुंबकी क्षेत्रातून ओढला जातो, त्यात वीज तयार होते आणि ती लहरींच्या रूपाने खाली तबकड्यांत उतरते. सांजवस्तीतला प्रत्येक दिवा त्यावर जळत होता.

“ती वीज फुकट येत नाही,” चारुलता म्हणाली. “घटिकेच्या फिरण्यातूनच ती आपण काढून घेतो.”

“मग घटिका थकून हळू व्हायला हवी. फेरी मोठी व्हायला हवी. तू तर उलटंच सांगतेस.”

“सगळ्यांना असंच वाटतं. मोरीत पाणी जाताना बघितलंयस? पाण्यावर एखादा भाताचा दाणा तरंगत असला तर लांब असताना तो सावकाश फिरतो. जाळीच्या जवळ ओढला गेला की गरगर फिरायला लागतो. घटिकेची शक्ती काढली की ती खाली येते. खाली आली की तिची वाट आखूड होते आणि वेगही वाढतो. आपण जितकी वीज जाळू तितकी फेरी लवकर संपणार.”

शमीमने हातातला पेला खाली ठेवला. मग म्हणाली, “चारू, आपल्याकडे बाळंतपणं लांबत चाललीत. पहिल्या पिढीत अडीचशे फेऱ्यांत मूल व्हायचं. आता पावणेतीनशेच्या पुढे जातं. आम्ही म्हणायचो, इथलं गुरुत्व कमी, म्हणून गर्भ सावकाश वाढतो. कॉलेजात यावर एक अख्खा प्रबंध शिकवतात. मीही शिकवलाय.”

“गर्भ त्याच्या वेळेतच वाढतोय. आपल्या फेऱ्या लहान झाल्यात.”

आणि मग, जी गोष्ट दोघींच्याही मनात एकदमच आली होती, ती शमीमने बोलून दाखवली.

“म्हणजे तुझ्या मुकुंददादाच्या वीस हजार फेऱ्या भरायला अजून बराच अवकाश आहे?”

स्थिरेच्या पाण्यात धातू फार. कितीही गाळले तरी थोडे उरतातच, आणि मध्यम वय उलटले की बऱ्याच जणांची मूत्रपिंडे निकामी होतात. मग रक्तशोधक यंत्राच्या खुर्चीत दर तिसऱ्या फेरीला बसायचे, तरच जगायचे. यंत्रे चाळीस. ती वाढवायला वीज नव्हती. बसणारे मात्र नेहमीच जास्त. म्हणून पूर्वजांनी नियम केला होता, की वयाच्या वीस हजार फेऱ्या पूर्ण होईपर्यंत यंत्र मिळेल. त्यानंतर खुर्ची रांगेतल्या पुढच्या माणसाला. खुर्ची सुटलेला माणूस घरी जायचा आणि फार तर वीसेक फेऱ्यांत संपायचा. नियम क्रूर होता, पण सगळ्यांना सारखा होता, आणि त्यामुळे तो कुणाला क्रूर वाटेनासा झाला होता.

मुकुंद हा चारुलताचा थोरला भाऊ. आईवडील गेले तेव्हा ती जेमतेम शाळेत जाऊ लागली होती. मुकुंदने काचगृहातल्या भट्टीवर काम धरले, तिला वाढवले, शिकवले. स्वतः लग्न करायचे राहून गेले. वस्तीच्या भाजीपाल्याच्या मळ्यांवरची निम्मी छपरे त्याने ओतलेल्या काचेची होती. आता त्याच्या खात्यावर चारशे फेऱ्या शिल्लक होत्या. त्याने त्यांचा हिशेब मनाशी पुरता करून टाकला होता. हत्यारे कुणाला द्यायची, भट्टी कुणाच्या हाती सोपवायची, सगळे ठरले होते. “पाहुणा असावा तर असा,” तो म्हणायचा, “येण्याच्या आधी वर्दी देणारा.”

चारुलता त्याच्याकडे गेली तेव्हा तो खुर्चीतून नुकताच घरी आला होता आणि थकून पडला होता. तिने त्याला सारे समजावून सांगितले. पूर्वजांनी वीस हजार फेऱ्या म्हटले तेव्हा त्यांची फेरी आजच्यापेक्षा बरीच मोठी होती. त्या मापाने त्याचे वय अजून कमी भरते. आजच्या फेऱ्यांत सांगायचे तर चारशे नव्हे, दोन हजार फेऱ्या त्याला मिळायला हव्यात.

मुकुंद छताकडे बघत राहिला. “दोन हजार,” तो म्हणाला. “चारू, थट्टा करत नाहीस ना?”

“नाही रे दादा.”

“आणि हे लोकांना पटेल?”

“गणित आहे. न पटून सांगतंय कुणाला?”

त्यावर तो हसला नाही. त्याने कूस बदलली, आणि तिला कळले की तो रडतो आहे. ज्या माणसाने इतके दिवस मरणाला पाहुणा म्हणून थट्टेवारी नेले, तो आयुष्य वाढण्याच्या नुसत्या शक्यतेने रडत होता. पुढच्या वेळी ती आली तेव्हा त्याने भट्टी द्यायचे रद्द केले होते. डोंगरावरच्या नव्या मळ्यासाठी कमानदार छप्पर ओतायचे त्याच्या मनात होते. तशी काच स्थिरेवर कुणी ओतली नव्हती. एवढे काम हातात घ्यायला चारशे फेऱ्या पुरल्या नसत्या. दोन हजार पुरणार होत्या.

नगरसभेत सुनावणी ठेवली गेली ती मोठ्या दालनात, कारण बातमी फुटली होती. म्हातारी माणसे लवकर येऊन पुढच्या बाकांवर बसली होती. सभापती होते लक्ष्मण वाघचौरे. सावकाश बोलणारे, दुसऱ्याचे पूर्ण ऐकून घेणारे. चारुलताने भिंतीवर वक्ररेषा उमटवली. वस्ती वसल्यापासून किती वीज काढली, त्यामुळे घटिका किती उतरली, कोणत्या काळी फेरी केवढी होती. सुरुवातीला रेषा जवळपास सपाट होती. मग कारखाने आले, मळे वाढले, आणि रेषा वाकत वाकत खाली आली.

“निम्म्याहून जास्त उतार आपल्याच हयातीतला आहे,” ती म्हणाली. “आपल्या लहानपणची फेरी आजच्यापेक्षा मोठी होती.”

“आम्ही बोंबलून सांगत नव्हतो?” पुढच्या बाकावरून एक आजोबा ओरडले. “आमच्या वेळी झोप पुरायची! तर ही पोरं म्हणायची, म्हातारा झालास!”

दालनभर हशा पिकला. हसत नव्हते ते एकटे वाघचौरे. त्यांनी वीजमंडळाच्या मुख्य अभियंत्यांना उभे केले.

“घटिका उतरते हे तुम्हाला ठाऊक होतं?”

“होतं,” अभियंता म्हणाले. “तबकड्यांचा रोख त्यानुसार आपोआप बदलतो. वेळ मोजण्याचं काम आमच्याकडे नाही, साहेब.”

“दोर काढून घेतला तर?”

“तर वस्तीत अंधार. मळ्यांचे पंप बंद, रुग्णालय बंद.”

वाघचौरे पुन्हा चारुलताकडे वळले. “बाई, माझी पत्नी यंत्रावर होती. वीस हजार फेऱ्या भरल्या तेव्हा मीच तिला हाताला धरून खुर्चीतून उठवलं. तुमच्या रेषेप्रमाणे तिच्या खरोखरच वीस हजार भरल्या होत्या का?”

चारुलताला खोटे बोलता आले असते. पण ती खरे मांडायला आली होती.

“पूर्वजांच्या मापानं नव्हत्या भरल्या,” ती म्हणाली. “अजून बरंच आयुष्य बाकी होतं.”

वाघचौरेंनी चष्मा काढून पुसला. तो त्यांनी लवकर पुन्हा घातला नाही.

“म्हणजे तुमची मागणी काय?”

“वय फेऱ्यांत मोजू नये. प्रत्येकाच्या वाट्याला आलेल्या लहानमोठ्या फेऱ्या खऱ्या काळात बदलून घ्याव्यात आणि माणूस किती जगला ते अणुघड्याळाच्या मापानं ठरवावं. नियम लावायचा तो खऱ्या वयाला.”

“ही मागणी लिहून घ्या,” वाघचौरे कारकुनाला म्हणाले. “शब्द न्‌ शब्द.”

बाहेर पडताना लोकांनी तिचे हात हातात घेतले. ज्यांची माणसे खुर्चीत होती, त्यांनी तर पाय धरायचेच बाकी ठेवले. एका बाईने नवऱ्याच्या हस्ते तिला मळ्यातल्या टोमॅटोंची टोपली पाठवली. शमीम म्हणाली, “आज त्या माणसाचा चेहरा पाहिलास? तो निकाल दुसरा देऊच शकत नाही.”

निकाल लागायला पंधराएक फेऱ्या गेल्या. तो शमीमच घेऊन आली. चारुलता तळघरात होती. शमीम पायऱ्यांवरच थांबली, खाली आली नाही.

“सभेनं तुझं सगळं मान्य केलं,” ती म्हणाली. “अणुघड्याळ हेच वस्तीचं घड्याळ. भोंगा आता त्याच्यावर वाजेल, घटिका उगवो न उगवो. प्रत्येकाचं वय खऱ्या काळात. फेरी म्हणजे यापुढे आजची फेरी. आज ती जेवढी आहे तेवढी कायमची ठरवून टाकली. ती यापुढे लहान होणार नाही.”

“आणि मर्यादा?”

“वीस हजार.”

“कोणत्या फेऱ्यांच्या?”

“आजच्या.”

चारुलताला आकडेमोड करावी लागली नाही. रेषा तिच्या डोळ्यांपुढे उभीच होती. मुकुंद जन्मला तेव्हाची फेरी मोठी, तो भट्टीवर लागला तेव्हाची जराशी लहान, आजची सर्वांत लहान. त्याने जगलेल्या मोठमोठ्या फेऱ्या आजच्या छोट्या मापाने मोजायच्या म्हणजे त्या संख्येने वाढणार. जुन्या मोजणीत त्याच्या चारशे उरत होत्या. नव्या, खऱ्या मोजणीत त्याची वीस हजारावी फेरी केव्हाच होऊन गेली होती.

तो आधीच मर्यादेच्या पलीकडे होता. आणि तो एकटा नव्हता. मर्यादेच्या जवळ आलेला खुर्चीतला प्रत्येक माणूस एका फटक्यात पलीकडे गेला होता.

ती तशीच धावत सभापतींच्या घरी गेली. वाघचौरे एकटेच बसले होते. जणू तिचीच वाट पाहत होते.

“हे तुम्ही काय केलंत?”

“बसा, पेंढरकर बाई.”

“पूर्वजांची वीस हजार म्हणजे त्यांच्या फेऱ्यांची! मी भिंतीवर काढून दाखवलं!”

“दाखवलंत. मला पटलंही. माझ्या बायकोचं किती आयुष्य मी माझ्या हातानं काढून घेतलं ते त्यावरून मला कळलं. पण मला सांगा, मर्यादा पूर्वजांच्या मापाची केली असती तर खुर्चीतली माणसं खुर्चीतच राहिली असती ना? अजून दीड-दोन हजार फेऱ्या?”

“तोच तर न्याय होता.”

“रांगेत साठ जण आहेत. त्यांत काही तरुण आहेत. एक खुर्ची सुटली नाही तर त्यांतला एक मरतो. त्यांना मी काय सांगू? यंत्रं वाढवू? वीज कुठून आणू? घटिका आणखी खाली ओढू?”

“मग निदान जुनी मोजणी तरी राहू द्यायची,” ती म्हणाली. “होतं तसं. माझ्या भावाच्या चारशे होत्या. त्या तरी.”

“जुनी मोजणी खोटी आहे हे भर सभेत तुम्ही सिद्ध केलंत. खोट्या मापानं मी उद्या एखाद्याला खुर्ची कशी देऊ आणि एखाद्याची कशी काढून घेऊ?” वाघचौरेंचा आवाज चढला नव्हता. “आम्ही एकही फेरी कमी केलेली नाही, बाई. वीस हजार होत्या, वीस हजारच आहेत. वय खऱ्या काळात मोजा असं तुम्ही म्हणालात. आम्ही मोजलं.”

“माझा अर्थ असा नव्हता.”

“मला माहीत आहे,” ते म्हणाले. “पण मोजमापात अर्थ कुठे येतो?”

ती उठली. दारापर्यंत गेली तेव्हा ते मागून म्हणाले, “खऱ्या वयाचे दाखले कालगृहालाच काढावे लागतील. ते काम दुसऱ्या कुणाला जमणार नाही.”

दाखला काढायला काही फार कष्ट नव्हते. जन्माची फेरी यंत्रात घातली की खरे वय बाहेर येत होते. चारुलताने मुकुंदचा दाखला सर्वांत शेवटी ठेवला. तोवर तिच्या मनाशी एक बेत ठरला होता. जन्माची फेरी थोडी पुढची घालायची. आईवडील नाहीत, दुसरे कुणी नातेवाईक नाहीत. कोण विचारायला येणार आहे? त्याला सांगण्यासाठी ती त्याच्या घरी गेली.

मुकुंद टेबलापाशी बसला होता. समोर कमानदार छपराचा साचा पडला होता, अर्धा कोरलेला.

“माहीत आहे मला,” तो म्हणाला. “तुझी ती वक्ररेषा सभेनं चौकाचौकांत लावलीय. खाली कोष्टक दिलंय. कोणत्या फेरीला जन्मलेल्याचं खरं वय किती. कुणीही जाऊन बघावं. मी बघितलं. भट्टीवरचे लोक माझ्या शेजारीच उभे होते. त्यांनीही बघितलं. माझा जन्म कधीचा ते सगळ्यांना ठाऊक आहे. दर वाढदिवसाला मीच त्यांना लाडू वाटतो.”

चारुलता मटकन खाली बसली. तिचा बेत तिच्याच रेषेने मोडून टाकला होता.

“दादा, मी तुझ्यासाठीच...”

“कुणी सांगितलं होतं तुला?” त्याने साचा बाजूला ढकलला. तो टेबलावरून पडला आणि दुभंगला. “चारशे होत्या ना माझ्याकडे? मी मागायला आलो होतो का जास्त? मी मनाची तयारी केली होती, चारू. नीट, सगळी केली होती. तू येऊन ती मोडलीस. मला पुन्हा जगायची हाव लावलीस. आणि आता त्या चारशेही नाहीत.”

“मला खरं ते सांगायलाच हवं होतं.”

“खरं!” तो म्हणाला. “घटिका वर फिरत होती, खाली आम्ही जगत होतो. कुणाचं काय अडलं होतं तुझ्या खऱ्यावाचून?”

तो तिच्यावर असा कधी ओरडला नव्हता. लहानपणी तिने भट्टीतली तयार तावदाने फोडली होती तेव्हाही नाही. थोड्या वेळाने त्याचा राग ओसरला आणि तो साच्याचे तुकडे गोळा करू लागला. ती भात शिजवून ठेवून निघाली. त्याने तो खाल्ला की नाही हे तिला कधीच कळले नाही.

मुकुंदची खुर्ची त्याच फेरीला सुटली. त्याच्याबरोबर आणखी अकरा जणांची सुटली. टोमॅटोंची टोपली आणणारा तो नवरा त्यांत होता. शमीमने प्रत्येकाला स्वतः खुर्चीतून उठवले आणि त्यानंतर ती दोन फेऱ्या कामावर आली नाही.

चारुलता भावाच्या घरीच राहायला गेली. त्याने तिला नको म्हटले नाही. हळूहळू त्याचे पाय सुजले, तोंडाला अन्नाची चव राहिली नाही, बोलता बोलता शब्द हरवू लागले. एकदा त्याने विचारले, “भोंगा झाला?” ती म्हणाली, “झाला.” तो म्हणाला, “घटिका कुठे दिसत नाही ती?” नवा भोंगा आता घटिकेची वाट पाहत नव्हता. घटिका आधीच उगवून डोंगराच्या किंचित वर चढलेली होती. तिने खिडकीतून त्याला ती दाखवली. मग तो बराच वेळ चारुलताकडे पाहत राहिला. रागावून नाही, मायेनेही नाही. नुसता पाहत राहिला. त्यानंतर तो फारसा बोलला नाही. बाराव्या फेरीला गेला.

भट्टीवरचे लोक आले, त्यांनी त्याला उचलले, सगळे केले. चारुलताशी कुणी बोलले नाही. बाकीच्या अकरा घरांतही एकामागून एक हेच झाले. चौकातल्या कोष्टकाखाली कुणीतरी कोळशाने तिचे नाव लिहून त्यावर फुली मारली. कालगृहाच्या माणसांनी ती पुसून टाकली. दुसऱ्या फेरीला ती पुन्हा तिथे होती.

मुकुंदचे सामान न्यायला शमीमने तिला रुग्णालयात बोलावले, तेव्हा बऱ्याच फेऱ्या उलटून गेल्या होत्या. खुर्चीत बसताना तो अंगावर घ्यायचा ती जुनी शाल आणि एक पाण्याचा तांब्या, एवढेच होते. विभागात शिरताना चारुलताची नजर नको असताना त्या खुर्चीकडे गेली.

खुर्चीत एक तरुण मुलगी होती. तिशीही उलटली नसावी, पृथ्वीच्या मोजणीने. चेहरा फिकट, पण डोळे तरतरीत. दंडातून दोन नळ्या यंत्रात गेल्या होत्या. तिच्या मांडीवर एक तान्हे मूल झोपले होते, आणि मोकळ्या हाताने ती त्याला थोपटत होती.

“तुम्ही कालगृहातल्या पेंढरकर ताई ना?” ती म्हणाली. “मी कल्याणी सोनटक्के. मी रांगेत कितीतरी मागे होते. शमीमबाई म्हणाल्या होत्या, मूल होईल, पण तू राहशील की नाही सांगता येत नाही. आणि मग एकदम इतक्या खुर्च्या सुटल्या.” तिने मुलाला जवळ ओढले. “ताई, तुमच्यामुळे. लोक काहीही बोलोत. मी याला रोज सांगते तुमचं नाव.”

शमीम कपाटापाशी पाठमोरी उभी होती. तिने वळून पाहिले नाही.

चारुलताला त्या मुलीचा राग यायला हवा होता. तो आला नाही. आनंदही झाला नाही. तिने शाल घडी करून हातावर घेतली, तांब्या उचलला.

“बसून बसून जीव कंटाळतो हो,” कल्याणी म्हणाली. “इथून घड्याळ दिसत नाही. किती वाजले, सांगता?”

चारुलता दारात थांबली. भिंतीवरच्या नव्या घड्याळाकडे तिने पाहिले.

“चौथा प्रहर संपत आलाय,” ती म्हणाली.

वेळ अगदी बरोबर होती.